दारू आणि जमीन

(चांदवड येथे भरलेल्या वनहक्क मेळाव्यातील भाषण. ज्या वस्त्यांवरच्या लोकांना येता आलं नाही त्यांच्यासाठी लिहून काढलं आहे. ग्रामसभेत मोठ्याने वाचावं.)



डोंगरकडच्या वस्त्यांवरून पायी आलेल्या बायांनो, म्हाताऱ्या माणसांनो, आमच्या बरोबरीच्या पोरांनो,

सकाळपासून इथं दावे, पुरावे, नकाशा, मोजणी यावर बोलणं चाललंय. मेळावा जमिनीचा आहे. आता मध्येच हे दारूचं काय काढलं, असं काही जणांच्या मनात आलं असेल. मागे बसलेले दोघं-तिघं हसलेसुद्धा. हसा, हरकत नाही. पण ऐकून घ्या. आम्ही इथं कीर्तन करायला उभे नाही. पिणाऱ्याला पापी म्हणायला उभे नाही. आम्ही जमिनीबद्दलच बोलणार आहोत.

आम्ही कार्यकर्ते पोरं-पोरी वस्त्या-वस्त्यांवर दाव्याचे कागद भरत फिरतो. दावा कुठं अडकला ते आम्हाला तोंडपाठ आहे. काही ठिकाणी जंगलखात्याने अडकवला. काही ठिकाणी तहसीलमध्ये कागद पडून राहिला. आणि काही ठिकाणी बाटलीने अडकवला. पहिल्या दोघांविरुद्ध आपण मोर्चा काढतो. तिसऱ्याविरुद्ध कोणी तोंड उघडत नाही, कारण तो आपल्याच घरात बसलाय. म्हणून आज त्याच्यावर बोलायचं.

जमीन गेली कशी?

आपण भिल्ल, कोकणा, कोळी महादेव, ठाकर. या डोंगरात आपण कधीपासून आहोत ते कोणाला मोजता येणार नाही. मग सपाटीची, पाण्याजवळची जमीन आपल्याकडे का नाही? म्हाताऱ्यांना विचारा. पुष्कळ जण सांगतील, सावकाराने नेली. सावकाराने कशी नेली? उधारीवर. उधारी कशाची? बियाण्याची, लग्नाची, धान्याची आणि दारूची.

यात इंग्रज सरकारचा मोठा हात होता. पूर्वी आपले लोक मोहाची फुलं वेचायचे, घरीच गाळायचे, सणाला, देवाला, लग्नाला प्यायचे. 1878 साली इंग्रजांनी मुंबई इलाख्यासाठी अबकारी कायदा केला. घरी गाळणं गुन्हा झाला. दारू ठेकेदाराच्या दुकानातूनच घ्यायची असा हुकूम आला, कारण दुकानातून सरकारला कर मिळत होता. म्हणजे मोहाचं झाड आपल्या बांधावर, फुलं आपली, आणि दारू मात्र पैसे मोजून दुकानातून. आपल्याकडे पैसे कुठं होते? मग उधार. उधारी फिटली नाही की धान्य, धान्य संपलं की बैल, बैल गेला की जमीन. ठेकेदार तोच सावकार झाला आणि सावकार तोच जमीनदार झाला. ठाण्याच्या, सुरतेच्या डोंगरपट्ट्यात हे जागोजाग घडलं. इकडे खानदेशातही सावकारीने भिल्लांच्या जमिनी नेल्या.

ही गोष्ट एवढ्यासाठी सांगितली की आदिवासी हा जन्मतःच दारुडा, असं जे लोक म्हणतात ते खोटं आहे. साहेब म्हणतात, मास्तर म्हणतात, एसटीतला कंडक्टरसुद्धा म्हणतो. आपल्याला दुकानाच्या दारात नेऊन बसवलं ते कायद्याने आणि धंद्याने. पण बसवलं कोणीही असो, उठायचं आपल्यालाच आहे.

आज काय चाललंय?

आज तुम्ही म्हणाल, आता तसं होत नाही, आता कायदा आहे. खरं आहे. आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीला परवानगीशिवाय घेता येत नाही, असं महसुलाच्या कायद्यात कलम 36 आणि 36-अ मध्ये आहे. गेलेली जमीन परत देण्याचा कायदा 1974 सालचा आहे. आणि आता 2006 चा वनहक्क कायदा आहे. 13 डिसेंबर 2005 च्या आधीपासून जो आदिवासी वनजमीन कसतोय, त्याला प्रत्यक्ष ताब्यातल्या जमिनीचा, जास्तीत जास्त 4 हेक्टरपर्यंत, हक्क मिळणार. तो पट्टा विकता येत नाही, कोणाच्या नावावर करता येत नाही, फक्त वारसाला जातो. आणि तो नवरा-बायको दोघांच्या नावाने निघतो. बायांनो, हे नीट ऐका. कलम 4 मध्ये लिहिलंय, दोघांच्या नावाने.

कायद्याने जमीन विकता येत नाही. पण दारू कायदा वाचत नाही. आम्ही काय बघतो? पट्टा नावावर आहे, पण कसतो दुसराच. दोन हजार, तीन हजार उचलले, साध्या कागदावर अंगठा दिला, 'दोन साल तू कस' म्हणून सांगितलं. दोन साल संपतात, पैसे फिटत नाहीत, मग अजून दोन साल. मालक आपल्याच शेतात मजुरीला जातो. सातबाऱ्यावर, पट्ट्यावर नाव आपलं, पीक दुसऱ्याच्या घरात. असे व्यवहार दारूच्या उधारीतून सुरू झालेले आम्ही पाहिलेत. आजारपणातून होतात, लग्नातून होतात, तेही खरं. पण दारूतून झालेले असे आहेत की घरच्या बाईला ते नांगर दुसऱ्याचा आला तेव्हाच कळतात.

दुसरी गोष्ट ग्रामसभेची. वनहक्काच्या नियमांत ग्रामसभेला निम्मे लोक हजर पाहिजेत. गावात 300 मतदार असतील तर 150 पाहिजेत. एक कमी पडला तरी ठराव कच्चा. बाजाराच्या दिवशी सभा ठेवली की दुपारनंतर माणसं मोजायची सोय राहात नाही. अर्धे आलेले असतात, पण ओट्यावर आडवे. रजिस्टरवर सही हवी, तर हात थरथरतो. वनहक्क समितीचा माणूस पिऊन आला की साहेबाला आयतं निमित्त मिळतं. साहेब लिहितो, 'ग्रामसभेत गोंधळ, कार्यवाही झाली नाही.' आपला सहा महिन्यांचा घाम त्या एका ओळीत वाहून जातो.

तिसरी गोष्ट पुराव्याची. ज्यांच्याकडे दंडाची पावती नाही, जुना कागद नाही, त्यांना गावातल्या वडीलधाऱ्या माणसाचं सांगणं लिहून पुरावा म्हणून देता येतं. कायद्याने आपल्या म्हाताऱ्यांना एवढा मान दिलाय. पण तपासणीच्या दिवशी म्हातारबाबाला सकाळीच कोणीतरी पाजली तर? बाबा म्हणतो, 'हा इथं कधी आला मला ठाऊक नाही.' दावा गेला. कोणी पाजली, का पाजली, ते ज्याचं त्याने ओळखावं. निवडणुकीत काय होतं ते तर सांगायलाच नको. एका रात्रीच्या दारूत पाच वर्षांचं मत जातं, आणि मग आपण विचारतो, आपला माणूस पंचायतीत का नाही.

म्हणून आमचं म्हणणं एकच आहे. दारूने नुसतं घर मोडत नाही, आपला हक्क मोडतो.

हिशोब मांडून बघू

आता पैशाचं बघू. आपण बारावी शिकलो, हिशोब तरी करता आला पाहिजे.

एक माणूस रोज 30 रुपयांची पितो असं धरू. उपास, आजारपण, हातात पैसा नाही असे दिवस सोडून वर्षाचे 300 दिवस धरू. 30 गुणिले 300 म्हणजे 9,000 रुपये. 2011 साली रोजगार हमीवर रोज 127 रुपये होते. 9,000 भागिले 127 केलं तर 71 दिवस येतात. हमी तेव्हा किती दिवसांची होती? 100 दिवसांची. म्हणजे सरकारने दिलेल्या शंभर दिवसांतले 71 दिवस आपण दुकानदारासाठी माती खणली. घरासाठी उरले 29.

आणि हा हिशोब नुसत्या दारूच्या किमतीचा. दुसऱ्या दिवशी कामावर गेला नाही त्याचा खाडा धरला नाही. मारामारीत पोलिसांना, डॉक्टरला दिलेलं धरलं नाही. बायकोच्या कनवटीचे, पोरीच्या वह्यांचे, कोंबडी विकून आलेले धरले नाहीत.

आपण कामाला कुठं जातो? कांदा लावायला, काढायला. डाळिंबाच्या बागेत. निफाड-दिंडोरीकडे द्राक्षाला. ऊसतोडीला. तिथं मुकादम उचल देतो. काही मुकादम हुशार असतात. संध्याकाळी मजुरीचा हिशोब करायच्या आधी चपटी फिरवतात. अंगात गेल्यावर कोण हिशोब विचारतो? टनाचा भाव किती, खाडे किती लावले, उचलीत किती वळते केले, सकाळी आठवत नाही. चपटी फुकट नव्हती. तिची किंमत वहीत लिहिलेली असते.

जगातही हेच

हे फक्त आपल्याकडे होतं असं समजू नका. आफ्रिका खंडाच्या टोकाला दक्षिण आफ्रिका नावाचा देश आहे. तिथल्या केप भागात द्राक्षाचे मोठमोठे मळे आहेत, जसे आपल्या नाशकात आहेत. गोरे लोक तिथं गेले, तिथल्या मूळ रहिवाशांची जमीन घेतली आणि त्यांनाच मळ्यावर मजूर ठेवलं. सतराव्या शतकापासून तिथं एक रीत पडली. मजुरीचा काही भाग पैशात न देता वाइनमध्ये द्यायचा, दिवसातून अनेकदा, भांडं भरून. त्या रीतीला 'डॉप' म्हणत. माणूस मळा सोडून जात नाही, जास्त मजुरी मागत नाही, संघटना करत नाही. पुढे कायद्याने ती रीत बंद केली, तरी ती कित्येक वर्षं चोरून चालली. आज त्या भागात जन्मतःच मेंदू अधू, वाढ खुंटलेली मुलं इतकी आहेत की जगात सगळ्यात जास्त प्रमाण असलेल्या ठिकाणांत तो भाग मोजतात. आईच्या पोटात असताना त्यांना दारू लागली होती. आजोबाला मजुरीत दिलेली दारू नातवाच्या डोक्यापर्यंत पोचली.

अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांचंही असंच. व्यापारी चामडं घ्यायला यायचे, बदल्यात दारू द्यायचे. जमिनीच्या करारांच्या वेळी पिंपं फुटायची. जमीन, जंगल आणि दारू, जगभर ही तीन एकत्र दिसतात.

जागतिक आरोग्य संघटनेने 2011 च्या फेब्रुवारीत अहवाल काढला. त्यानुसार तेव्हा जगात दर वर्षी 25 लाख माणसं दारूमुळे मरत होती. शंभर मरण पावले तर त्यातले चार दारूने. एड्सने मरत होती त्याहून जास्त, क्षयाने मरत होती त्याहून जास्त. 25 लाख म्हणजे रोजची सात हजारांच्या जवळपास. दोन-दोन हजार वस्तीची तीन गावं रोज. आणि त्यात 15 ते 29 वयाची 3 लाख 20 हजार पोरं. आमच्या वयाची. अपघातात, मारामारीत, विहिरीत, विष पिऊन. आपला मुंबई-आग्रा रस्ता इथूनच जातो. रात्री मोटारसायकलवर गेलेली आपली पोरं सकाळी कशी परत येतात ते चांदवडकरांना सांगायला नको.

अंगात काय होतं?

दारू पोटात गेली की रक्तात जाते आणि ती मोडून काढायचं काम यकृत करतं. यकृत म्हणजे बकऱ्याची आपण कलेजी म्हणतो ती. रोज रोज दारू आली की कलेजीत आधी चरबी साठते. मग ती सुजते. मग घट्ट होते, तिला गाठी पडतात. इथपर्यंत आल्यावर परत पहिल्यासारखी होत नाही. डोळे पिवळे, पोटात पाणी, पाय सुजलेले, हातपाय काडीसारखे, आणि एक दिवस रक्ताची उलटी. आपण म्हणतो, कोणी करणी केली. भगताकडे नेतो, कोंबडं देतो, शेजारच्या म्हातारीवर डाकिणीचा आळ घेतो. साथींनो, ही करणी नाही. ही वीस वर्षांची दारू आहे. त्या म्हातारीला सोडा.

दारूने कर्करोग होतो, तोंडाचा, घशाचा, अन्ननळीचा, कलेजीचा. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने 1988 सालीच दारूला कर्करोग करणाऱ्या वस्तूंच्या यादीत टाकलं आहे.

क्षयाचं सांगतो. आपल्या वस्त्यांत क्षय पुष्कळ आहे. त्याच्या गोळ्या साधारण सहा महिने नेमाने घ्याव्या लागतात. त्या गोळ्यांचा भार कलेजीवर पडतो. वरून दारूचा भार पडला की उलट्या होतात, कावीळ होते, माणूस म्हणतो गोळ्याच वाईट, आणि गोळ्या सोडतो. दारू सोडत नाही. मग क्षय असा हट्टी होतो की साध्या औषधाला दाद देत नाही, आणि त्याच झोपडीत झोपणाऱ्या लेकरांना लागतो.

आणि विषारी दारू. हातभट्टीत काळा गूळ, नवसागर, काय काय घालतात. काही नालायक तर कारखान्यातलं मिथिल अल्कोहोल मिसळतात. चवीला, वासाला फरक कळत नाही. अंगात गेल्यावर त्याचं विष होतं, डोळ्यांपुढे धुकं येतं, माणूस आंधळा होतो, मरतो. मुंबईत विक्रोळीला 2004 साली ऐंशीहून जास्त माणसं गेली. 2009 च्या जुलैत अहमदाबादेत शंभरावर गेली. सगळी मजूर माणसं. पिल्यानंतर कोणाला नजरेला धूसर दिसायला लागलं, पोटात भयंकर दुखायला लागलं, तर झोपू देऊ नका, तिथल्या तिथं दवाखान्यात न्या. पोलीस काय म्हणतील ते नंतर बघू. आधी जीव.

बायांचं

बायांचं काय सांगायचं? त्याच सांगतील, आणि आज संध्याकाळी त्या सांगणारच आहेत. आम्ही एवढंच म्हणतो. जो माणूस दिवसभर मालकापुढे मान वर करत नाही, गार्डपुढे हात जोडतो, तो रात्री बायकोपुढे वाघ होतो. हा कसला वाघ? ज्या संघटनेत 'जंगल आमच्या हक्काचं' अशी घोषणा देतो, त्या संघटनेच्या माणसाने घरी बाईला मारायचं, हे चालणार नाही. पोरगी आठवीतून शाळा सोडते. विचारलं तर म्हणते, कंटाळा आला. कंटाळा नाही आला. आई मजुरीला दुप्पट जाते म्हणून पोरगी धाकट्यांना सांभाळते.

'आपली रीत आहे'

काही म्हातारी माणसं म्हणतील, दारू आपली रीत आहे. देवाला धार लागते. जन्माला, मरणाला लागते. आम्ही त्यांचा मान राखून बोलतो. धरतीला दोन थेंब टाकायची रीत आहे, ती पूर्वजांची आठवण आहे. पण रीत काय होती? सणाला, सगळ्यांनी मिळून, मोठ्यांच्या समोर, एकाच मडक्यातून. रोज सकाळी उठून एकट्याने प्लास्टिकची पिशवी दाताने फोडायची, ही रीत कोणत्या पूर्वजाने घालून दिली? देवाने पिशवी मागितली नव्हती.

आणि आपल्याच पूर्वजांनी दारू सोडलेलीही आहे. 1922 साली समुद्रकाठी पालघरकडून एक लाट उठली. देवी आली म्हणत. तिचं नाव सलाबाई. ती ठाण्याच्या डोंगरातून आपल्या सुरगाण्याकडे आली, डांगात गेली, सुरतेत गेली, खानदेशात गेली. ज्यांच्या अंगात ती यायची त्यांच्या तोंडून हुकूम व्हायचे. दारू पिऊ नका, ताडी पिऊ नका, स्वच्छ राहा, जो तुम्हाला दारू विकून लुटतो त्याच्या कामावर जाऊ नका. हजारो आदिवासींनी दारू सोडली, दुकानं ओस पडली. हे कोणी बाहेरच्या पुढाऱ्याने केलं नाही. आपल्याच लोकांनी केलं. पुढे 1937-38 च्या सुमारास तळोद्याकडे मोरवडच्या संत गुलाम महाराजांनी भिल्लांना हेच सांगितलं. तेव्हाही हजारोंनी सोडली.

मग शहाद्याचा लढा. सपाटीवरच्या मोठ्या शेतकऱ्यांनी भिल्लांच्या जमिनी गिळल्या होत्या. अंबरसिंग सुरतवंती उभे राहिले, 1972 मध्ये श्रमिक संघटना झाली, जमीन आणि मजुरीचा लढा पेटला. त्या लढ्यातल्या बायांचं 1973 मध्ये शिबिर झालं तेव्हा बाया काय बोलल्या? म्हणाल्या, मजुरी वाढली, पण ती घरात येत नाही. आणि त्या उठल्या, गावोगाव गेल्या, दारूची मडकी फोडली. बायकोला मारणाऱ्याला चारचौघांत जाब विचारला. लक्षात घ्या, जमिनीचा लढा आणि दारूचा लढा तिथं एकाच संघटनेने, त्याच माणसांनी लढवला.

आणि हे चांदवड. याच चांदवडला 1986 च्या नोव्हेंबरात शेतकरी संघटनेच्या महिला आघाडीचं अधिवेशन झालं. लाखाच्या वर बाया आल्या होत्या. आपल्यापैकी कोणाची आई, आजी त्यात असेल. त्या महिला आघाडीने पुढे गावोगावी दारूची दुकानं बंद करायचं काम घेतलं. बायकोच्या नावे जमीन करा, असंही तिथूनच पुढे आलं. जमीन आणि दारू, पुन्हा तीच जोडी.

आंध्रात 1992 साली नेल्लोर जिल्ह्यातल्या दुबगुंटा गावच्या बायांनी साक्षरता वर्गात बसून ठरवलं आणि दारूचं दुकान बंद केलं. वणवा पसरला, आणि पुढच्या वर्षी सरकारला देशी दारू बंद करावी लागली. आपल्या राज्यात गडचिरोलीच्या आदिवासींनी लढून 1993 मध्ये सगळ्या जिल्ह्यात दारूबंदी करून घेतली. आणि 2010 च्या डिसेंबरात चंद्रपूर जिल्ह्यातल्या हजारो बाया चिमूरहून नागपूरच्या विधानभवनापर्यंत पायी चालल्या.

सरकारचं काय?

आपल्या राज्यातल्या कायद्याचं नाव आहे 'महाराष्ट्र दारूबंदी कायदा 1949'. नाव दारूबंदीचं, आणि त्याच कायद्याखाली दुकानाला परवाना मिळतो. सरकारला दारूच्या करातून वर्षाला हजारो कोटी मिळतात. 2007 मध्ये सरकारने ज्वारी-मक्यासारख्या धान्यापासून मद्यार्क काढणाऱ्या कारखान्यांना अनुदान द्यायचं ठरवलं. आपली पोरं कुपोषणाने मरतात, आणि धान्याची दारू करायला सरकारचे पैसे. म्हणून सरकार येऊन आपली दारू सोडवेल या भरवशावर राहू नका. पण कायद्यात जे आपल्या उपयोगाचं आहे ते वापरायचं.

सुरगाणा, पेठ, कळवण ही अनुसूचित क्षेत्रं आहेत. तिथं 1996 चा पेसा कायदा लागतो. दारूवर बंदी घालायचा, नियंत्रण ठेवायचा अधिकार त्यात ग्रामसभेला दिलाय. चांदवड तालुका अनुसूचित क्षेत्रात नाही. पेसा इथं लागत नाही. मग इथं काय? इथं 2008 चा आदेश आहे. गावातल्या महिला मतदारांपैकी किमान 25 टक्के बायांनी सह्या करून अर्ज दिला की परवान्याच्या दुकानाबद्दल गुप्त मतदान घ्यावं लागतं. चिठ्ठीवर दोन चित्रं असतात, उभी बाटली आणि आडवी बाटली. निम्म्याहून जास्त बायांनी आडव्या बाटलीवर शिक्का मारला की दुकान बंद. पण ध्यानात ठेवा, निम्म्या म्हणजे मतदानाला आलेल्यांच्या निम्म्या नव्हे, यादीतल्या एकूण बायांच्या निम्म्या. 400 बाया यादीत असतील तर 201 मतं पाहिजेत. जी बाई कांद्याला गेली, जी माहेरी गेली, जी ऊसतोडीला गेली, तिचं मत दुकानदाराला गेलं असं समजा. म्हणून मतदानाची तारीख हंगामात लागली तर ती बदलून मागा.

हा आदेश परवान्याच्या दुकानाला लागतो. हातभट्टी तर मुळातच बेकायदा आहे, तिला मतदान लागत नाही. तक्रार लेखी द्या, तारखेची पोच घ्या, दहा बायांनी मिळून जा. आणि नुसती बंदी झाली म्हणजे काम झालं असंही नाही. गुजरातेत बंदी आहे, तरी अहमदाबादेत माणसं मेली. बंदी कागदावर असते, राखण गावाला करावी लागते. जंगल जसं आपण राखतो, तसं.

आपण काय करायचं?

आमच्या कार्यकर्त्यांच्या बैठकीत ठरलं ते तुमच्यापुढे ठेवतो. पटलं तर ग्रामसभेत ठराव करा, नाही पटलं तर दुरुस्ती सुचवा.

एक. ग्रामसभा, मोजणी, तपासणी, साहेबांची भेट, या दिवशी कोणी पिणार नाही. वनहक्क समितीचा सभासद पिऊन आला तर त्याच्या जागी दुसरा निवडायचा. ग्रामसभा बाजाराच्या दिवशी ठेवायची नाही.

दोन. पट्टा दोघांच्या नावाचा आहे. त्या जमिनीचा कोणताही व्यवहार, गहाण असो, बटाईने असो, बायकोला सोडून करायचा नाही. आजवर ज्यांनी अशी जमीन दिली, त्यांची यादी संघटनेकडे द्या. भांडण न करता ती सोडवायचा प्रयत्न करू.

तीन. मजुरीचा हिशोब दिवसाउजेडी आणि शुद्धीवर घ्यायचा. टोळीतली एक शिकलेली पोरगी किंवा पोरगा वही ठेवील.

चार. पिणाऱ्याला झाडाला बांधायचं नाही, डोकं भादरायचं नाही, वाळीत टाकायचं नाही. काही गावांत असं करतात. आम्हाला ते मान्य नाही. तो आपलाच माणूस आहे, आणि त्याला आजार आहे. मात्र बायको-पोरांना मारलं तर तो आजार नाही, तो गुन्हा. त्याला बाया आणि संघटना जाब विचारतील.

पाच. हे नीट लक्षात ठेवा. जो वर्षानुवर्षं रोज खूप पितो, त्याची दारू एका रात्रीत एकदम तोडू नका. त्याला कंप सुटतो, फिट येते, भलतंसलतं दिसतं, कधी जीवही जातो. देवाची शपथ घालून खोलीत कोंडायचं नाही. सरकारी दवाखान्यात नेऊन डॉक्टरच्या देखरेखीत सोडवायची. कोणाला न्यायचं असेल तर संघटनेला सांगा, आम्ही बरोबर येऊ, रात्री थांबू.

सहा. पहिल्यांदा सह्या गोळा करायचं काम बाया करतील. पुरुष त्या दिवशी चूल आणि पोरं सांभाळतील. हसू नका, हे ठरावात लिहायचं आहे.

साथींनो, आपल्या बापजाद्यांनी दंड भरला, मार खाल्ला, झोपड्या जाळलेल्या बघितल्या, पण डोंगर सोडला नाही. म्हणून आज आपण दावा टाकू शकतो. एवढ्या कष्टाने टिकवलेली जमीन आपल्या हातून उधारीच्या वहीत जाऊ द्यायची का? जंगलखात्याला आपण म्हणतो, एक इंच सोडणार नाही. तेच वाक्य दुकानदारालाही म्हणायचं आहे.

येत्या ग्रामसभेला रजिस्टर घेऊन या. पहिल्या पानावर दाव्यांची यादी, दुसऱ्या पानावर बायांच्या सह्या. दोन्ही कामं एकाच दिवशी सुरू करू.

जल, जंगल, जमीन आमच्या हक्काची!
उभी बाटली आडवी करू!
जिंदाबाद!